तात्याबांची डावी बाजू

जगात जेवढं म्हणून देखणं आहे तेवढं मधोमध दोरी धरली की दोन्ही अंगांनी सारखं भरतं; आणि जे भरत नाही त्याला जगायची मोकळीक असली, तरी प्रदर्शनात उभं राहायचा हक्क नाही.

हा सिद्धांत तात्याबांचा. खिलार जनावराची पारख कृष्णाकाठी त्यांच्याइतकी कुणाला नाही असं लोक म्हणत, आणि लोक म्हणायचे थांबले की तात्याबा स्वतः म्हणत. फक्त ज्या सकाळी त्यांनी हा सिद्धांत चावडीपुढं मांडला, त्या सकाळी त्यांची एका बाजूची मिशी दुसरीपेक्षा चांगली बोटभर आखूड होती. वैरण टाकताना त्यांच्या हौशा बैलानं ती कडब्याबरोबर ओढली होती.

सिद्धांताला जागून त्यांनी न्हाव्याला बोलावलं. न्हाव्यानं लांब बाजू कापली, ती जरा जास्तच कापली गेली. मग दुसरी कापली. असं सारखं करता करता मिशी दोन नाकपुड्यांपुरती उरली. लढाई नुकतीच संपली होती. पलटणीतून परतलेली गावची पोरं ते तोंड बघून रामराम घालायच्याऐवजी टाच आपटून हात पुढं करायला लागली. तात्याबांना तो मान वाटला.

त्यांची पारखायची रीत साधी होती. खिशात एक काळी दोरी, तिच्या टोकाला शिशाची गोळी. बैलाच्या पुढं जाऊन उभं राहायचं, कपाळावरच्या भोवऱ्यापासून नाकापर्यंत दोरी सोडायची आणि एक डोळा मिटायचा. भोवरा दोरीच्या बाहेर सरकला असला की जनावर खोडीचं. एक शिंग दुसऱ्यापेक्षा तसूभर कलतं असलं की जनावर कसायाचं. मालकाचं तोंड तेवढ्यात उतरायचं, आणि ते तसं उतरताना दोन्हीकडून सारखं उतरतंय का, हेही तात्याबा बघून घ्यायचे.

आता एक गोष्ट आधीच सांगून ठेवायला हवी, नाहीतर पुढं घोटाळा होईल, तात्याबांचा झालाच. गाडीवान बैलाच्या मागं बसतो. त्याचा डावा हात आणि बैलाची डावी बाजू एकीकडंच असतात. सगळ्या मुलखाचं डावं-उजवं असं मागून ठरलेलं. पण तात्याबा जन्मभर जनावराच्या पुढं उभे राहिले होते. त्यांच्या डाव्या हाताला जे दिसेल ते डावं. म्हणजे त्यांनी ‘डावं शिंग जरा जाड हाय’ असं म्हटलं की मालक मुकाट्यानं उजवं शिंग तासायला घ्यायचा. इतक्या मोठ्या पारख्याला दुरुस्त कोण करणार. गाडी हाकणं हे गड्याचं काम, त्यामुळं मागून बघायची वेळ त्यांच्यावर कधी आलीच नव्हती.

एकदा साताऱ्याहून जनावरांचे डॉक्टर आले होते. तात्याबांनी दोरी काढून सिद्धांत ऐकवला. डॉक्टर शिकलेले, त्यांना राहवलं नाही.

“बाहेरून बरोबर आहे तुमचं,” ते म्हणाले, “पण आतून जनावर सारखं नसतं. कोठा डावीकडं. पोट फुगलं तर आम्ही डाव्या कुशीतच टोचतो. आणि समुद्रात तर तारामासा म्हणून एक प्राणी आहे, त्याला डावं-उजवंच नाही. मधून पाच बाहू निघालेले, चाकाच्या आऱ्यांसारखे. कुठूनही बघा, सारखाच.”

तात्याबांनी गंभीरपणे विचार केला.

“मग त्येला औताला कुठनं जुपायचं?”

“औताला नाही जुंपत.”

“आन सोयरीक? पाचातलं कंचं अंग दावत्यात?”

डॉक्टरांनी पिशवी उचलली. “आणि आतलं म्हनाल,” तात्याबा त्यांच्या पाठीमागून म्हणाले, “तर आतलं बघाय जनावर मरावं लागतं. मेल्याली जनावरं परदर्शनात घेत न्हाईत.”

त्या वर्षी तात्याबांच्या जिवाला एकच घोर लागला होता. चैत्रात सांगलीला जनावरांचं प्रदर्शन होतं आणि पहिल्या जोडीच्या मालकाला मानाचा फेटा बांधणार होते. आजवर दुसऱ्यांच्या डोक्यावर कितीतरी फेटे तात्याबांच्या दोरीनं चढले होते. स्वतःच्या डोक्यावर एकही नाही. हौशासारखा पांढराशुभ्र, शिंगांची कमान एकसारखी असलेला बैल दावणीला होता, पण एकटा. त्याचा जोडीदार मागल्या पावसाळ्यात साप चावून गेला होता. हौशा उजव्या खांदी चालायचा, म्हणजे जुवाच्या उजव्या बाजूला. हे तात्याबांना गडी सिद्धू यानं सांगितलं होतं. त्याला जोड हवा तो दिसायला हौशाच, पण चालायला डाव्या खांदीचा.

असा बैल पूर्वेच्या दुष्काळी मुलखात लालासाहेबांकडं आहे असं कळलं. तात्याबा गेले. लालासाहेबांनी पाहुण्याला अंगणात घोंगड्यावर बसवलं आणि मुद्दाम गाडी जुंपून समोरून आणायला सांगितली. दोन बैल धुरळा उडवत तात्याबांकडं चालत आले. तात्याबांच्या डाव्या हाताला जो बैल होता तो बघून त्यांच्या हातातली सुपारी खाली पडली. हौशापुढं आरसा धरावा तसा तो बैल होता. नाव नवशा.

“डाव्या खांदी चालतोय न्हवं?” तात्याबांनी त्याच्याकडं बोट करून विचारलं.

लालासाहेबांनी बैलाकडं बघितलं, बोटाकडं बघितलं, मग तात्याबांकडं बघितलं. “तुमी म्हनताय म्हंजे डाव्याच.”

दोरी निघाली. भोवरा मधोमध, शिंगं सारखी, कान सारखे, डोळ्यांत काजळ सारखं. तात्याबांनी दोरी गुंडाळली. “कितीला सोडनार?”

“इकायचा न्हाई.”

“मग मला दावला कशाला?”

“तुमच्या घरी येक भाची हाय म्हनं,” लालासाहेब म्हणाले. “लग्नाची. हातानं अधू.”

भाची होती. रंगूबाई. आईबापाविना राहिलेली, मामाच्या घरी वाढलेली. उसाच्या चरकात कांडी सरकवताना बांगडी अडकली आणि लोखंडी रुळांनी हात कोपराच्या खालपर्यंत आत घेतला. तेव्हा तात्याबांनी बैल थांबवले, ही गोष्ट ते आवर्जून सांगत. चालत्या घाण्यात बैल थांबवले की रस पडून राहतो आणि आंबतो. त्या दिवसाचा रस टाकून दिला असंही ते सांगत. शेजारी म्हणत, टाकला-बिकला न्हाई, पन त्या खेपंला गुळाला रंग बरा आला. त्यानंतर रंगूबाई चुलीपुढं बसायची, दाराकडं पाठ करून. तात्याबा दारातनंच बोलायचे. त्यामुळं भाचीची पाठ त्यांच्या चांगली ओळखीची होती. उजव्या बाजूला पदराखाली पोकळ.

“हाय,” तात्याबा म्हणाले. “उजवा हात न्हाई.”

लालासाहेबांनी रानाकडं तोंड करून हाक मारली. ज्वारीतून एक माणूस चालत आला. आकाराम, लालासाहेबांचा धाकटा भाऊ. इटलीच्या लढाईत बंदुका आणि माणसं सारख्याच भावानं गेली, त्यात याचा एक हात गेला. परत आल्यावर गावानं विचारलं, हात कुठं रं ठेवलास? तो म्हणाला, इटलीत. गाव म्हणालं, मग आणायला परत जाणार हायस का? भावानं त्याला ज्वारी राखायला उभा केला. रिकामी बाही वाऱ्यावर हलायची आणि पाखरं उडायची. दोन हातांच्या बुजगावण्यापेक्षा हे बरं, आणि जेवायला घातलं की जागा सोडूनही जात नाही, असं लालासाहेब आल्यागेल्याला कौतुकानं सांगत. मुलगी मात्र त्याला कुणी देत नव्हतं.

“सरळ हुबा ऱ्हा,” लालासाहेब म्हणाले. आकाराम पलटणीत शिकल्यासारखा टाचा जुळवून ताठ उभा राहिला.

तात्याबांचा हात सवयीनं खिशात गेला. दोरी आकारामच्या कपाळावरून नाकावर, नाकावरून हनुवटीवर आली. तात्याबांनी एक डोळा मिटला. रिकामी बाही त्यांच्या डाव्या हाताला होती.

“दात बघू.”

आकारामनं तोंड उघडलं.

“दात पुरं हायत. डावा हात न्हाई.”

“उज...” आकाराम म्हणायला गेला.

“गप ऱ्हा,” लालासाहेब म्हणाले. “पारखी मानूस बोलतंय.”

आपल्या भावाचा कुठला हात गेलाय हे लालासाहेबांना ठाऊक नव्हतं असं नाही. रोज त्याच्या डाव्या हातावर भाकरी ठेवताना त्यांची आई डोळे पुसायची. पण बैल द्यायचा तो देऊन भावाचं ओझं उतरत असेल, तर ते डावीकडनं उतरलं की उजवीकडनं, याचा घोळ कशाला घालायचा.

तात्याबांच्या डोक्यात मात्र चित्र उभं राहिलं होतं आणि ते इतकं सुरेख होतं की त्यांनी ते बोलूनच दाखवलं. “आमच्या रंगूला उजवा न्हाई, ह्येला डावा न्हाई. दोघं शेजारी हुबी केली आन मधनं शिवली, तर फटसुदीक दिसायची न्हाई. बैलाचाबी जोड जमला आन मानसाचाबी.”

“म्या पोरगी बघाय येऊ का?” आकारामनं विचारलं.

“नवशानं हौशाला बघितलंय का?” तात्याबा म्हणाले. “मग.”

नवशा घेऊन ते घरी आले तेव्हा वेशीवर भेटलेल्या सिद्धूनं गावभर सांगून टाकलं होतं की बैल आला आणि रंगूबाई गेली. रंगूबाई चुलीपुढं होती. तात्याबा दारात उभे राहिले.

“रंगू, तुजं जमलं.”

तिनं मागं बघितलं नाही. “बैलाचं वय काय?”

“पाच.”

“आन नवऱ्याचं?”

“त्ये इचारायचं ऱ्हायलं.”

भाकरी उलटायची होती. ती उलटली, आणि मग तिनं विचारलं, “त्येचा कुठला गेलाय, मामा?”

“डावा. म्या सोता बघितलाय.”

रंगूबाईची पाठ जरा सैल झाली. “मग बरं,” ती म्हणाली. “घरात येक उजवा हात यील. दुसरं काय न्हाई, वेनी तरी घालून घ्यावी म्हनलं.” तिची वेणी हात गेला त्या दिवसापासून कुणी घातली नव्हती; ती केस बांधायची दातात दोरा धरून. पुढचे काही दिवस ती भाकऱ्या थापताना गुणगुणत होती आणि तात्याबांना वाटलं, बैल आल्यामुळं घराला बरकत आली.

लग्न तात्याबांच्या दारातच लागलं. कासारानं बांगड्या भरल्या आणि उठताना म्हणाला, “आर्ध्यात भागलं. मामांनी सगळीकडं इचार क्येलाय.” बायका तोंडाला पदर लावून हसल्या. आकाराम पलटणीचा कोट घालून आला होता, आणि बाही आत दुमडून टाचणी लावली होती म्हणून पाखरं उडाली नाहीत.

रीतीप्रमाणं मामा नवरीच्या मागं उभे राहिले. मध्ये अंतरपाट, पलीकडं नवरा, तोंड इकडं. हे नीट ध्यानात घ्या. रंगूबाई त्यांना मागून दिसत होती, रिकामी बाजू त्यांच्या उजव्या हाताला. आकाराम अंतरपाटाच्या कडांनी पुढून दिसत होता, रिकामी बाजू त्यांच्या डाव्या हाताला. साऱ्या मांडवात तेवढ्या एका जागेवरून तो जोड तंतोतंत जुळत होता, आणि त्या जागेवर तात्याबा उभे होते. मंगलाष्टकं चालू असताना त्यांचे डोळे भरून आले. त्यांनी खिशातली दोरी नुसती चाचपली.

अंतरपाट निघाला. अक्षता पडल्या. भटजी म्हणाले, “वरानं उजवा हात पुढं करावा.”

डावा हात पुढं आला.

“उजवा म्हणालो मी.”

“त्यो इटलीत हाय,” आकाराम म्हणाला.

“बरं. वधूचा उजवा.”

रंगूबाई आकारामच्या बाहीकडं बघत होती. मग तिनंही डावाच हात पुढं केला. “माझा मामांच्या गुळात गेला,” ती म्हणाली.

त्या सालचा गूळ ज्या पाहुण्यांनी नेला होता, त्यांनी हळूच तोंडं पुसली.

भटजींनी हातातली पळी खाली ठेवली. दोन डावे हात एकमेकांपुढं आले होते आणि शास्त्रात अशा जोडीची सोय नव्हती. मांडवात मागून कुणीतरी म्हणालं, “जोड चांगला हाय, निस्ता येकाच खांदीचा हाय,” आणि मग हसू आवरेना. म्हाताऱ्या माणसांनाही आवरेना. आकारामची आई तेवढी हसली नाही. तिला ऐकू कमी यायचं.

“भटजी, तुमी हिकडं या,” तात्याबा कळवळून म्हणाले. “माज्या जाग्यावरनं बघा. बराबर जुळतंय.”

“लग्न तुमच्या जागेवरून लावत नसतात, तात्याबा,” भटजी म्हणाले. “कुणाचा तरी उजवा हात लागेल. मामांचा चालेल.”

मग तात्याबांनी उजवा हात पुढं केला. त्या हातावर दोघांच्या वतीचं पाणी पडलं, त्या हातानं दोघांच्या वतीचा होम झाला, आणि कंकणही मनगटावर बांधायला दुसरी जागा न सापडल्यानं भटजींनी तिथंच बांधलं. “आजपासून या दोघांचा उजवा हात तुम्ही,” भटजी म्हणाले. ते दक्षिणा उचलायच्या घाईत होते.

निघताना रंगूबाई तात्याबांच्या पाया पडली. उठली तेव्हा कितीतरी वर्षांत पहिल्यांदा तिचं तोंड त्यांना समोरून दिसलं. “डावा म्हनला व्हता, मामा.”

“म्या म्हनलं त्ये माज्या बाजूनं बराबरच हाय,” तात्याबा म्हणाले.

गाडीत बसताना वारा आला आणि तिचे केस सुटले. धरायला हात होता, पण त्यात ओटीचा नारळ होता.

तात्याबांनी हे मनाला लावून घेतलं नाही. माणसाच्या परीक्षेत एखादी चूक व्हायची. माणूस कपडे घालतो. जनावर उघडं असतं. चैत्रात ते हौशा-नवशाला घेऊन सांगलीला गेले. दोघांना तेल लावलं, शिंगं साळली, झुली चढवल्या. दोघं शेजारी उभे केले तेव्हा बघे बोलायचे थांबले. साताऱ्याचे ते डॉक्टर परीक्षक म्हणून आले होते. त्यांनी दोन्ही बैलांभोवती चक्कर मारली आणि टोपी मागं सरकवली.

“तात्याबा, मी माघार घेतो. इतकं सारखं मी पाहिलं नाही. एकाच साच्यातनं काढलेत.”

“आन तुमचा त्यो तारामासा?”

“तारामासासुद्धा इतका नसेल.”

तात्याबांनी डोक्यावरचं पागोटं काढून काखेत धरलं. मानाच्या फेट्याला जागा करून ठेवलेली बरी.

“आता जुंपून चालवून दाखवा,” डॉक्टर म्हणाले.

सिद्धू दोन्ही बैलांकडं बघत डोकं खाजवत होता. त्यानं आल्यापासून नवशाला जुंपला नव्हता. मालकांनी अंगावर डाग पडेल म्हणून मनाई केली होती. “मालक,” तो म्हणाला, “ह्येच्या मानंचा घट्टा बघता ह्योबी उजव्याच खांदीचा वाटतुया.”

“डाव्या खांदीचा हाय. म्या सोता चालताना बघितलाय. जुप.”

दोन उजव्या पायताणांचा जोड कितीही देखणा असला तरी घालून चालता येत नाही. सिद्धूनं हौशाला उजवीकडं घेतलं, नवशाला डावीकडं. नवशा जन्मात त्या बाजूला उभा राहिला नव्हता. त्यानं आपली जागा शोधली. ती जुवाच्या पलीकडं होती आणि तिथं हौशा होता. त्यानं अंग टाकलं. हौशानं परत अंग टाकलं. गाडी जागच्या जागी फिरायला लागली, चरकाच्या बैलांसारखी गोल गोल, आणि लोकांना वाटलं ही काही कसरत आहे. त्यांनी टाळ्या वाजवल्या. टाळ्यांनी बैल बुजले.

अशा वेळी शहाणा माणूस मागून कासरा ओढतो. तात्याबा पुढं गेले. त्यांना पुढूनच जायची सवय. “हो, हो, नवशा,” म्हणत त्यांनी वेसणीला हात घातला. बैलानं मान झाडली, जू वर उडालं, आणि खाली आलं तेव्हा जू आणि त्यातली लाकडी शिवळ यांच्या मध्ये तात्याबांचा उजवा हात होता. त्यावर मग दोन्ही बैलांनी भार दिला. हे मात्र त्यांनी अगदी एकदम आणि सारखा दिला.

जनावरांच्या डॉक्टरांनीच पहिल्यांदा हात बघितला. त्यांनी तो इकडून बघितला, तिकडून बघितला आणि नेहमीच्या सवयीनं सिद्धूला विचारलं, “मालक कोण याचे?” मग मिरजेला न्यावं लागलं आणि तिथं हात मनगटाच्या वरून काढला. कंकणाचा दोरा अजून तसाच होता, तोही गेला. मानाचा फेटा जतच्या बाजूच्या एका माणसाला मिळाला. त्याच्या एका बैलाचं शिंग कललेलं होतं, पण जोडी चालत होती.

घरी आल्यावर तात्याबांना पागोटं बांधता येईना. धोतराचा काष्टा सिद्धू घालायचा, भाकरी सिद्धू करायचा आणि दोन्ही सारख्याच जाडीची करायचा. सगळं सोसलं असतं. सोसलं नाही ते तंबाखूचं. डाव्या तळहातावर पान चुरायचं, नखानं चुना लावायचा आणि उजव्या अंगठ्यानं मळायचं, हे त्यांचं दिवसातनं सारखं चालायचं. आता तळहात होता, अंगठा नव्हता. सिद्धू माळकरी, तो तंबाखूला शिवत नव्हता. गावानं पहिल्यांदा हौसेनं मळून दिली. मग चुना जास्त घालून मळून दिली, आणि तोंड पोळलं की विचारलं, “कुटं पोळलं तात्याबा, डावीकडं का उजवीकडं? तुमची डावी न्हवं, आमची.” तेव्हापासून तात्याबांनी तोंड मिटलं.

ज्वारी परत हुरड्याला आली तेव्हा ते उठले. नवशाला गाडीच्या मागं बांधला आणि लालासाहेबांच्या दारात जाऊन उभे राहिले.

“येवहार मोडला,” तात्याबा म्हणाले. “बैल खोटा निघाला. ह्यो घ्या तुमचा बैल, आमची पोरगी द्या. घरात माजं करनारं कुनी न्हाई.”

लालासाहेबांनी नवशाच्या पाठीवरून हात फिरवला. “बैल बांधून ठिवतो,” ते म्हणाले. “पोरगी तिकडं रानात हाय. आता दोन बुजगावनी झाली माजी. आली तर न्या, माजी ना न्हाई.”

तात्याबा बांधावरून चालत गेले. कधी नव्हे ते पुढूनही नाही आणि मागूनही नाही, आडव्या बाजूनं. ज्वारीच्या कडेला खोप होती. खोपीपुढं आकाराम आणि रंगूबाई समोरासमोर उकिडवे बसले होते, गुडघ्याला गुडघा लावून. आकारामचा डावा तळहात पुढं होता, त्यावर तंबाखू. समोरून रंगूबाईचा डावा अंगठा येऊन ती मळत होता. इकडून एक हात, तिकडून एक हात, आणि बाजूनं बघणाऱ्याला ते एकाच धडधाकट माणसाचे दोन हात दिसत होते. रंगूबाईची वेणी घातलेली होती. जरा वाकडी होती, पण तीन पेडांची होती. तीही अशीच दोघांनी मिळून घातली असणार.

तात्याबांचा हात खिशाकडं गेला. खिसा उजवीकडं होता.

“रंगू, चल,” ते म्हणाले. “येवहार मोडला.”

तिनं मान वर केली. अंगठा थांबला नाही. “बैल दिला का परत?”

“दिला.”

“मग बैलाच्या जाग्यावर मला बांधनार व्हय?”

“मामा,” आकाराम म्हणाला, “भटजी म्हनला व्हता आमचा उजवा हात तुमी. कुटं हाय त्यो?”

“मिरजंला.”

आकारामनं त्या आखूड झालेल्या बाहीकडं बघितलं, एक डोळा मिटून, अगदी नीट. “माजा इटलीत, हिचा गुळात, तुमचा मिरजंत. तुमचाच त्येवढा जवळ हाय. आनायचा न्हाई का जाऊन?”

रंगूबाई हसली. मांडवातल्या लोकांसारखीच हसली, बराच वेळ, आणि मग आकारामला म्हणाली, “दात बघा की त्येंचं. घरात घ्यायच्या आदी बघितल्यालं बरं.”

तात्याबा ताठ झाले. त्यांना बोलायचं होतं. रस्ताभर त्यांनी ते जुळवून ठेवलं होतं: की मी तुला वाढवलं, की तुझ्यासाठी मी चालता घाणा थांबवला, की जोड जुळवणं ही जन्माची विद्या आहे आणि ती एका हातानं संपत नाही. त्यांनी छाती भरून श्वास घेतला. त्या श्वासाबरोबर चुन्याचा आणि मळलेल्या पानाचा वास आला. आकारामनं तळहातावर एक फुंकर मारली, धूळ उडाली, आणि निम्मी तंबाखू रंगूबाईच्या चिमटीत गेली.

तात्याबा हळूच खाली बसले. दोघांच्या मधोमध, दोरी पडली असती तिथं.

“मलाबी येक बार मळ,” ते म्हणाले. “चुना जरा कमी.”